बांडगुळाचे वकील

आदिलाबाद जिल्ह्यात बांडगुळाची बाजू घेणारा एकच माणूस आहे, आणि तो नेमका माझ्या बायकोचा मामा आहे. मामा कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवून निवृत्त झाले आणि आदिलाबादजवळच्या मावल्यात घर बांधून राहिले. अंगणातल्या आंब्याला मोहर आला की लोक मोहर बघतात; मामा फांदीवर उगवलेल्या बांडगुळाची नारिंगी फुलं बघतात. त्यांच्या शिक्षणाच्या काळी ही सगळी बांडगुळं 'लोरँथस' या एकाच प्रजातीत गुण्यागोविंदानं नांदत. पुढे शास्त्रज्ञांनी तिचे तुकडे केले आणि आंब्यावरचं बांडगूळ 'डेन्ड्रॉफ्थी' नावाच्या वेगळ्या घरात गेलं. भावाभावांत शेत वाटलं गेलं तेव्हा मामा हूं की चूं बोलले नव्हते. या वाटणीबद्दल मात्र ते अजून हळहळतात, आणि भेटायला आलेल्यालाही हळहळावं लागतं.

मामींचा धाकटा भाऊ चार दिवसांसाठी म्हणून आला होता, तो वर्षानुवर्षं तिथेच आहे. एकदा जेवणाच्या पंगतीत शेजाऱ्यांनी त्याला थट्टेनं बांडगूळ म्हटलं. मामांनी हातातला घास खाली ठेवला.

"काऊन म्हणता तसं? बांडगुळाले हिरवी पानं असतात. आपलं अन्न ते सोताच बनवते. झाडापासून फक्त पाणी अन् क्षार घेते. त्याले अर्धपरजीवी म्हणतात."

आपल्यासाठी कुणीतरी बोललं म्हणून मामांच्या या मेहुण्याचे डोळे भरून आले. तेवढ्यात मामांनी वर्गीकरण पुरं केलं. "हा तं अमरवेल हाय. पूर्ण परजीवी."

मेहुण्यानं रागानं जेवण सोडलं. रात्री मात्र जेवला.

दरम्यान आंबा वाळत चालला होता. लोणच्यापुरत्याही कैऱ्या मिळेनात, तेव्हा मामींनी बांडगूळ लागलेल्या फांद्या छाटायचा विषय काढला. मामांनी ऐकून घेतलं नाही. मग मामा एका लग्नाला मंचेरियलला गेले, त्या दिवशी मेहुणा करवत घेऊन झाडावर चढला. त्या घरात त्यानं केलेलं हे पहिलंच काम, आणि ते त्यानं मन लावून केलं. मामा परतले, वर पाहिलं, पाय धुतले आणि आत गेले.

या वर्षी आंबा लगडला. मामांनी रस मागून मागून खाल्ला. परवा मी सकाळी गेलो तर ते झाडाखाली खुर्ची टाकून बसलेले. अंगठ्याएवढं एक राखी पाखरू छाटलेल्या फांदीवर आलं, इकडेतिकडे उड्या मारून शोधू लागलं.

"बांडगुळाच्या फळांवरच जगते ते," मामा हळूच म्हणाले. "रोज येऊन राह्यलं, जावईबापू. त्याले कोण सांगन?"

एवढ्यात मेहुणा चहा घेऊन बाहेर आला. कप मामांच्या हातात देऊन तो शेजारी उभा राहिला, आणि तोही वर बघू लागला.