रायपूर-अभनपूर: स्केलसाठी ठेवलेला हात

मोघे सरांचा फोन आला तेव्हा मी ऑफिसात डबा उघडून बसले होते. "घर विकलं. पुढच्या आठवड्यात बंगलोरला, पोराकडे. त्याच्या आधी एकदा आपला दगड पाहून यायचं म्हणतो. येशील काय?" सरांनी आजवर कुणाकडे काही मागितल्याचं मला आठवत नाही. डबा अर्धा टाकून मी रजेचा अर्ज भरला.

सर कोण, ते आधी सांगते. मोघे सर म्हणजे जीवाश्मांवरून उत्क्रांती वाचणारा माणूस. रायपूरच्या चुनखडीत स्ट्रोमॅटोलाइट सापडतात. प्राणी जन्मायच्या कितीतरी आधी उथळ समुद्रात सूक्ष्मजीवांचा चिकट थर साचायचा, त्यावर गाळ, गाळावर पुन्हा थर. त्याचे घुमट दगड झाले. दिसतात पत्ताकोबी मधून कापल्यासारखे. पृथ्वीवर एवढा काळ टिकलेलं दुसरं काही नाही. मग ते जवळजवळ संपले कसे? सर म्हणायचे, मोठं संकटच शोधत बसू नका. चरणारे बारीक प्राणी आले आणि रोज थोडं थोडं खाऊन गेले. जीवसृष्टी शिडी चढत नाही, जमेल तितकं टिकते, हे त्यांनी आयुष्यभर शिकवलं. त्यांच्या हाताखालची मुलं आज कुठकुठल्या विद्यापीठांत तेच शिकवतात. मी तेवढी विमा कंपनीत गेले.

आणि तो फोटो. दगडाच्या फोटोत शेजारी काहीतरी ठेवावं लागतं, हातोडी, नाणं, पेनाचं झाकण. नाहीतर दगड सुपारीएवढा की बैलगाडीएवढा, कळणार कसं? याला आमच्यात स्केल म्हणतात. तो दगड सापडला त्या दिवशी सर हातोडी घरी विसरले होते, पण नवी नवरी सोबत होती. म्हणून घुमटावर काकूंचा हात आहे, हिरव्या बांगड्यांसकट. तो फोटो पुढे पुस्तकापुस्तकांतून फिरला. हात कुणाचा, हे फार थोड्यांना माहीत आहे.

नागपूरहून रायपूरला सकाळची गाडी धरा, दुपारी जेवायला पोचता. डोंगरगडनंतर खिडकीची जागा सोडू नका. सरांचं घर ब्राह्मणपाऱ्यात, तिथे रिक्षा आत जात नाही म्हणून बॅग ओढत चालत गेले. दार काकूंनी उघडलं. मागे सर खुर्चीत, अंगावर शर्ट लोंबत होता. गेली दोन-तीन वर्षं छातीच्या दुखण्यानं ते घराबाहेर फारसे पडलेच नव्हते. मला भडभडून आलं, मी वाकून नमस्कार करत ते लपवलं.

संध्याकाळी काकू मला सुतळी आणायला म्हणून गोल बाजारात घेऊन गेल्या. भांड्यांच्या गल्लीत, एवढ्या ठणठणाटात, त्या थांबल्या.

"तिथं काही नाही आता, वर्षा. पचरी झाली."

पचरी म्हणजे तळ्याच्या पायऱ्या. सरांचा दगड तळ्याच्या काठीच होता. सरांच्या एका विद्यार्थ्यानं काकूंना फोनवर कळवलं होतं.

"सरांना नाही सांगितलं?"

"काहून सांगू? त्या दगडाच्याच आधारानं बसून राहिले ते. तू म्हण न, रस्ता खराब आहे, गाडी जात नाही."

रात्री जेवताना मी तसंच म्हणाले. सरांनी भाताकडे बघतच उत्तर दिलं, "चालत जाऊ मग."

सकाळी पोहे-जिलेबी खाऊन निघालो. (दिवसभराची गाडी दोन हजारांच्या आसपास मिळते, घासाघीस करा.) काकूंनी सामान बांधायचं निमित्त सांगितलं. रस्ता उलट इतका गुळगुळीत की मला लाज वाटत होती. अभनपूर मागे पडलं, धानाची कापलेली शेतं लागली आणि सर बोलायला लागले. इथे सायकल पंक्चर झाली होती, तिथे मधमाश्यांनी धरलं होतं. मुख्य घुमट मात्र त्यांनी कधी फोडला नव्हता. सगळ्यात चांगला नमुना जागेवर राहू द्यायचा, मागून येणाऱ्यांनी काय बघायचं, असं ते म्हणत.

तळ्याशी गाडी थांबली. जिथे घुमट होते तिथे पाण्यात उतरणाऱ्या स्वच्छ, रुंद, सिमेंटच्या पायऱ्या होत्या. दोन बायका कपडे धूत होत्या. सर काठी टेकून उभे राहिले. मी त्यांच्या चेहऱ्याकडे पाहिलं नाही, धीरच झाला नाही.

त्यातल्या म्हाताऱ्या बाईनं त्यांना ओळखलं. "पथरा वाले गुरुजी!" मग आनंदानं सांगू लागली, "पहिली अब्बड़ फिसलन रिहिस, गुरुजी. मोर नतनिन गिर गे रिहिस." तिची नात त्या निसरड्या दगडांवरून पाण्यात पडली होती.

सरांनी तिच्याच बोलीत विचारलं, "अब बने हे?"

"हव, बने हे." नात आता बरी होती.

"मग चांगलं झालं," सर मराठीत म्हणाले, बहुतेक स्वतःलाच. ते हळूच पायरीवर बसले. दगड ओला केला की थर उठून दिसतात, म्हणून त्यांनी बाटली आणली होती. ती त्यांनी सिमेंटवर ओतली. काही दिसलं नाही. ओल्या जागेवर त्यांनी हात ठेवला.

"काढ फोटो."

"सर..."

"काढ. स्केल ठेवलं आहे."

मी काढला.

परतताना अभनपूरला चहा घेतला. भजी गरम होती, कुणी खाल्ली नाहीत. सर म्हणाले, "एवढा काळ टिकला, माझ्या हयातीत काय होते, असं वाटलं मले." आणि रडले. मीही रडले. गाडीवाला भैया बिचारा उगाच टायर तपासत बाहेर उभा राहिला.

घरी काकू दारातच होत्या. मी काही बोलायच्या आत सर म्हणाले, "जसाच्या तसा आहे. तुझ्या हाताची जागाही दाखवली हिला."

काकूंनी त्यांच्या हातातली काठी घेतली. "बरं झालं. हातपाय धुवा, पानं वाढते." मी दोघांच्या मधे उभी होते आणि दोघांपैकी कुणाकडेच बघता येईना.

दुसऱ्या दिवशी ठेठरी-खुरमी या तिकडच्या खाऊचा पुडा घेऊन मी नागपूरला परतले. हे लिहायला इतके दिवस लागले. रायपूरला जरूर जा. तळ्याचा पत्ता मात्र विचारू नका, तिथे बघण्यासारखं काही नाही. या पोस्टला फोटोही नाही.

फोटो मी कुणालाच दाखवणार नव्हते. काल बंगलोरहून काकूंचा फोन आला.

"त्यांच्या हाताचा फोटो पाठव."

"कुठला फोटो, काकू?"

"मले माहीत आहे न. स्केल ठेवल्याशिवाय ते कुठून परत येत नाहीत."

पाठवला. थोड्या वेळानं पुन्हा फोन. त्या म्हणाल्या, "हात किती बारीक झाला ग त्यांचा."