वाचून फेटाळा

सुनेला सरकारी जलतरण तलावावर जीवरक्षकाची नोकरी लागली, तेव्हा सासऱ्यांनी आठवडाभर तोंड फुगवलं होतं. पुढे राग निवळला, पण शेजाऱ्यांनी विचारलं की उत्तर ठरलेलं, "सूनबाई ऑफिसात असते." आतल्या खोलीत तिला ते ऐकू यायचं. फार सलायचं.

त्या दिवशी पाणी गाळायचा पंप बंद पडला आणि दुपारपर्यंत पाणी एवढं गढुळलं की तळाच्या फरश्या दिसेनात. तळ दिसत नसेल तर कोणी पाण्यात राहायचं नाही, ही तिच्यापुरती काळ्या दगडावरची रेघ. तिने शिट्टी वाजवून सगळ्यांना बाहेर काढलं. एक गृहस्थ मात्र मधोमध खुशाल उताणे तरंगत होते. ती सरळ पाण्यात उतरली, त्यांच्या कानाशी शिट्टी फुंकली आणि दंडाला धरून त्यांना काठावर आणलं. ते निघाले खातेप्रमुखांचे जावई. झालं! संध्याकाळी निलंबनाचा आदेश हातात. कारण काय, तर पाहुण्यांशी उद्धट वर्तन.

तिने वरिष्ठांकडे अपील केलं. तो तिचा हक्कच होता. पण हक्क असणं निराळं आणि कोणी फाइल उघडणं निराळं. दर खेपेला कारकून म्हणे, "टेबलावर आहे." मग एकदा हळूच म्हणाला, "ताई, अपील मागे घ्या. माफीच्या दोन ओळी लिहा आणि सोमवारी कामावर या. कशाला डोक्याला ताप?"

घरी नवऱ्याचंही तेच. "लिहून टाक ना. काय बिघडतं?"

"आज माफी लिहिली, तर पुढच्या वेळी शिट्टी तोंडाला लावायला माझा हात उठेल का?"

सासरे पेपरात डोकं खुपसून बसले होते. सकाळी मात्र इस्त्रीचा शर्ट घालून दारात हजर. "चल, मीही येतो."

वरिष्ठांच्या केबिनबाहेर कारकुनाने अडवलं. "मॅडम कामात आहेत."

"असू द्या की," सासरे बाकावर ऐसपैस बसत म्हणाले. "मी रिटायर्ड, हिला तुम्ही घरी बसवलेलं. आम्हाला कुठे घाई आहे?"

दुपारी अपील ऐकणाऱ्या वरिष्ठ बाई केबिनबाहेर आल्या, तशी सून उठून उभी राहिली. "मॅडम, माझं अपील फेटाळायचं तर फेटाळा. पण वाचून फेटाळा. नुसतं पडून राहिलं तर मी दाद मागू कोणाकडे?"

बाईंनी तिच्याकडे पाहिलं, आत बोलावलं आणि फाइल मागवून तिच्यासमोर शेवटच्या ओळीपर्यंत वाचली. मग विचारलं, "जावईबापूंची माफी मागाल?"

"कानाशी शिट्टी वाजवली, त्याची मागते. बाहेर काढलं, त्याची नाही."

खातेप्रमुखांचंही म्हणणं ऐकून घेऊन बाईंनी लेखी निर्णय दिला. निलंबन रद्द, शिट्टीबद्दल समज. ती समज तिने हसत हसत पदरात घेतली.

निर्णय घेऊन दोघं घरी परतले, तर जिन्यात शेजारी भेटले. "काय हो, सूनबाई पुन्हा ऑफिसात कधी जाणार?"

"ऑफिसात नाही, तलावावर," सासरे अख्ख्या जिन्याला ऐकू जाईल असं म्हणाले. "लोकांचे जीव सांभाळते ती. तिची शिट्टी वाजली की साहेबांच्या जावयालासुद्धा पाण्याबाहेर यावं लागतं!"

मागून जिना चढणाऱ्या सुनेला ते ऐकू गेलं, आणि इतके दिवस आवरून धरलेलं रडू तिला तिथेच फुटलं.