अंगणातलं जाड आमलेट

पहिलंच बटाट्याचं जाड आमलेट उलटताना मी ते थेट माझ्या चपलेवर पाडलं. कचेरीत माझ्या शेजारच्या टेबलावर बसणारे गृहस्थ हसून हसून खाली बसले. "आता चपलीलाच मीठ लावा, भाऊ!"

त्यांच्या घरी अंडं चालत नसे, म्हणून रविवारी खिशात अंडी जपत ते आमच्या अंगणातल्या स्टोव्हपाशी येत. आमची ही खात नाही, पण अंगणापुरतं चालवून घेते. गाजर-बटाटा शिजेस्तोवर ते गुणगुणत, खाल्ल्यावर वेलदोडा चावून मलाच विचारत, "वास येऊन राहिला का?"

एकदा त्यांची बायको अचानक आली.

"ढोकळा करून राहिलो," ते झटकन म्हणाले.

तिनं कौतुकानं तुकडा उचलला. तोच त्यांनी तिचा हात धरला. "नको खाऊ! अंडं हाय त्यात."

तिनं हात सोडवला आणि हसत तो तुकडा त्यांच्याच तोंडात कोंबला.

नंतर आमची ही म्हणाली, "त्यांच्या जागी तुमी असते, तर मला खाऊ दिलं असतं. वर विचारलं असतं, मीठ बराबर हाय का?"