उंबऱ्यावरचा रवा

निसरपूरच्या घरातून सगळ्यात शेवटी निघालं ते दार. भांडी, गाद्या, आईचा फोटो, अण्णांची हत्यारं, सगळं आधीच पिकअपमध्ये चढलं होतं. दार काढलं की घर उघडं पडतं, म्हणून ते शेवटी. पाचरी अण्णांनी स्वतः सैल केल्या. त्यांना तेव्हाही अंधुकच दिसायचं, पण आजोबांच्या हातची चौकट उतरवायला वडिलांना डोळे लागत नव्हते. धरणाचं पाणी अजून खालच्या आळीत होतं. मोजणीवाला हातात यादी घेऊन गल्लीतून येत होता. आमच्यासमोर थांबून त्याने विचारलं, "बाबूजी, इस मकान में अब कोई रहता है?"

अण्णा छिन्नी हातात धरून त्या चौकटीखाली उभे होते. म्हणाले, "अब नहीं."

त्याने यादीवर खूण केली आणि पुढच्या घराकडे गेला. त्याचं काही चुकलं नाही, त्याचं कामच ते. पण ते दोन शब्द मला पुढे कित्येक महिने ऐकू येत राहिले.

हे मी गल्लीच्या ग्रुपवर टाकतोय. आपली चारच मराठी घरं होती तिथे. आज कोणी नव्या वसाहतीत आहे, कोणी कुक्षीला, कोणी इंदूरला, आणि एक पोरगा तर थेट मस्कतला. इतकं लांब कोणी वाचत नाही हे मला ठाऊक आहे, आणि तुमच्या मुलांना मराठी वाचायला त्रास होतो हेही. त्यांना वाचून दाखवा. फोनवर तुम्ही विचारायचात, "देवासला रमलात का?" आणि मी ठोकून द्यायचो, "एकदम मस्त!" थापा होत्या त्या. आता खरं सांगतो, कारण आता सांगण्यासारखं झालं आहे.

त्या दिवशी पिकअप धारला आत्याच्या दारात थांबवली होती. आमचे पणजोबा धारच्या दरबाराच्या कामावर सुतार, तिथूनच खाली नर्मदेकडे आलेले. आत्याने चहा दिला, बाहेर येऊन चौकटीला हळदकुंकू लावलं आणि म्हणाली, "बघा, लाकूड माहेरी आलं, पण मुक्कामाला नाही." मला ते लागलं.

देवासला मी पॅकिंगच्या कारखान्यात सुपरवायझर. रंधा कधी हातात धरला नाही. आमची बायको वैशाली देवासचीच. म्हणजे विस्थापित आम्ही आणि माहेरी आली ती, असं मी तिला चिडवायचो. कॉलनीतल्या घराला फ्लश डोअर होतं, ते काढून आम्ही निसरपूरचं दार बसवलं. गवंडी हसला, "भिया, इसमें से तो हाथी निकल जाए!" दार बसलं, पण पुढच्या काही महिन्यांत काचबिंदूने अण्णांची उरलीसुरली नजरही नेली. मग त्यांनी एक धरलं. सकाळी दाराशी खुर्ची टाकायची आणि दुपारच्या जेवणापर्यंत तिथेच बसायचं. बोलायचं नाही, रेडिओ नाही, मान जराशी वर, गणेशपट्टीकडे. गणेशपट्टी म्हणजे चौकटीची वरची आडवी फळी, जिच्यावर आजोबांनी गणपती कोरला आहे. मी कामावर निघताना त्यांच्या खुर्चीला वळसा घालून जायचो आणि रोज मनात यायचं, या माणसाला मी इथे आणून बसवलं. हा गावासाठी झुरतो आहे.

माणसांची ओळख होते हो, आज ना उद्या. नव्या गावात खरे अनोळखी असतात ते किडे. निसरपूरला घोण कुठे दडते, दिव्यावर कधी काय येतं, सगळं आपल्याला नावानिशी माहीत. इथे पहिल्याच महिन्यात भिंतीवर सिमेंटचा टवका दिसला, तांदळाहून थोडा मोठा, राखाडी, चपटा. झाडूने काढायला गेलो तर टवका चालू लागला. एका टोकाने डोकं काढलं, मी ओरडलो, तर ते आत घेऊन दुसऱ्या टोकाने काढलं. अळी निघाली, अंगाभोवती धुळीची पिशवी करून हिंडणारी. वैशालीच्या आईने सांगितलं, असू द्या, ती कोळ्यांची जळमटं खाते. पुस्तकांतली रुपेरी कसर मी बरेच दिवस विंचवाचं पिल्लू समजत होतो. हसा. मी सुताराचा मुलगा असून शूरवीर किती, हे गल्लीला ठाऊकच आहे.

मग उन्हाळ्याच्या तोंडाशी दोन संकटं एकदम आली.

एक वैशालीचं. रोज सकाळी दारापाशी काहीतरी काळं, मोठं, अंगठ्याच्या पेराएवढं घोंघावायचं. पंखांवर जांभळी-निळी झाक. तिने फोनवर किडे ओळखायचं ॲप घेतलं. फोन एकदा म्हणाला शेणकिडा, एकदा जपानमधला कुठलासा भुंगेरा, आणि एकदा, फोटो हलला होता म्हणून असेल, काळं मांजर. तिने त्या बाजूची खिडकीच बंद करून टाकली.

दुसरं संकट माझं. उंबऱ्यावर सकाळी पिवळसर भुसा पडलेला दिसला, चिमूटभर. पायाने सारला. दुसऱ्या दिवशी पुन्हा. तिसऱ्या दिवशी पुन्हा, आणि जास्त. औषध मारणारा एक माणूस बोलावला, अण्णा आंघोळीला गेलेले बघून. त्याने बूट न काढता बोटाने भुसा उडवला आणि सांगितलं, "दीमक है भिया. पुरानी लकड़ी है ना? चौखट निकलवाओ और जला दो, नहीं तो पूरे घर में फैलेगी." मी म्हटलं, वाळवीला दुसरा काही इलाज? तो म्हणाला, "जला दो."

घर पाण्यात गेलं, आई त्याच्या आधीच गेली होती. उरलं होतं ते हे दार, आणि ते आता मी जाळायचं. त्याहून वाईट म्हणजे अण्णांना काय सांगायचं? वैशाली म्हणाली खरं सांगा. मी म्हटलं, खरं ऐकून हा माणूस खुर्चीतून उठणार नाही. शेवटी ठरवलं, पॉलिशला नेतो म्हणायचं. आंधळ्या सुताराला लाकडाबद्दल थाप मारायची, एवढी अक्कल मी शहरात येऊन कमावली होती.

रविवारी दहाला गवंडी येणार होता. साडेनऊला मी अण्णांच्या खुर्चीशी उकिडवा बसलो. "अण्णा, दार जरा पॉलिशला देतोय. आज उतरवतो."

अण्णा तसेच, मान वर करून. मग म्हणाले, "आत्ता नको. ती आत आहे."

मला वाटलं, डोळ्यांमागोमाग आता डोकंही गेलं. मी घाबरत विचारलं, "कोण आत आहे?"

"तुम्हाला माहीत नाही?" त्यांनाच नवल वाटलं. "मला वाटलं माहीत असेल. खाली काही पडतं की नाही?"

"भुसा पडतो."

"भुसा पडतो हे कोणीही सांगेल. कसला पडतो? तुझी आई काय म्हणायची?"

मी उंबऱ्यावरची चिमूट उचलून त्यांच्या तळहातावर ठेवली. ठेवता ठेवता माझ्याच बोटांना ती जाड, खरबरीत लागली, आणि इतक्या वर्षांनी आईचा आवाज आला, कारखान्यात झाडू मारता मारता अण्णांना ओरडून सांगणारा. कारखाना म्हणजे घरापुढची आमची पडवी. सुतारकामातलं काही शिकली नव्हती ती, पण लाकडाखाली काय पडलंय ते स्वयंपाकघरातल्या मापाने सांगायची. "अहो, मैदा पडतोय," म्हणजे घुण. "खसखस आहे," म्हणजे कोरड्या लाकडातली वाळवी. "माती चढली," म्हणजे जमिनीतली वाळवी, सगळ्यात वाईट. आणि चौथं होतं ते ऐकून अण्णा हातातलं काम न सोडता नुसते हसायचे.

"रवा," मी म्हटलं. "अण्णा, रवा आहे."

"मग? रव्याला कधी घाबरलो का आपण? भुंगा आहे तो. काळी मादी, निळ्या पंखांची. लाकूड खात नाही, नुसतं कोरते. राहण्यापुरतं. दीमक रे कशाला रवा पाडेल?" आपल्याला कोणी दीमक सांगितली आहे, हे मी बोललोच नव्हतो. पण मुलगा पॉलिशची थाप का मारतो, ते त्यांना तेवढ्यात कळलं होतं.

आतून वैशाली धावत आली. "म्हणजे माझं काळं मांजर आणि तुमचा भुसा एकच?" एका घरात राहून दोघं आपापली भीती वेगवेगळी सांभाळत होतो. एकमेकांना नीट विचारलं असतं तर पहिल्या आठवड्यात उलगडा झाला असता.

"वर हात घाल," अण्णा म्हणाले. "गणेशपट्टीच्या खालच्या अंगाला, उजवीकडून चार बोटं. हळूच."

स्टुलावर चढून चाचपलं. गिरमिटाने पाडावं तसं गोल भोक, करंगळीएवढं. आतून बारीक गुणगुण आली तसा मी हात मागे घेतला.

"ते इथलं नाही," अण्णा म्हणाले. "निसरपूरचं आहे."

दर चैत्रात ते चौकटीतली भुंग्यांची भोकं खुंट्या ठोकून बंद करायचे, ते मला आठवत होतं. आठवत नव्हतं ते हे, की आई प्रत्येक वेळी मागे उभी राहून बजावायची, "सगळी बुजवू नका हो. एक राहू द्या. तिलाही बाळंतपण आहे." म्हणून एक भोक कायम उघडं. ते चौकटीबरोबर पिकअपमध्ये चढलं, धारला हळदकुंकू घेतलं, आणि देवासच्या एका भुंगीला आयतं घर मिळालं. ती आत साफसफाई करत होती, थोडं वाढवत होती. आम्ही तिची चौकट जाळायला निघालो होतो.

"थंडीपासून नुसती येऊन बघून जायची," अण्णा सांगत होते. "उन्हं वाढली तशी राहिली. आता सातला बाहेर जाते, उन्हं तापली की परत."

"म्हणजे तुम्ही रोज इथे बसता ते..."

"मग काय करू? टीव्ही दिसत नाही मला."

मी स्टुलावरच बसलो. आधी हसू आलं, मग रडू, मग पुन्हा हसू. छातीवरचा दगड उतरणं म्हणतात ते मला त्या स्टुलावर कळलं. इतके महिने मी ज्या दुःखाला वळसा घालून कामावर जात होतो, ते तिथे नव्हतंच. म्हातारा मजेत होता, शेजारणीवर लक्ष ठेवून. दहाला गवंडी आला, त्याला चहा-पोहे देऊन परत पाठवलं.

सगळं भरून निघालं असं म्हणत नाही. नदी उतरली की तुम्ही ग्रुपवर फोटो टाकता, चिखलातून वर आलेल्या भिंतींचे. मी ते मोठे करून आमची भिंत शोधतो, आणि अण्णांना सांगत नाही. पण घर कुठे, असं कोणी विचारलं तर हल्ली मी चाचरत नाही. देवास म्हणतो. पावसाळ्यात भुसा थांबला तेव्हा मीच कासावीस झालो, तर अण्णा म्हणाले, "गप रे, पिल्लं बाहेर पडली असतील. भोक आहे ना? कोणीतरी येईल."

दिवाळीआधी रंगवाला आला. भिंती झाल्यावर दाराकडे वळला, गणेशपट्टीखाली बोट फिरवलं, पुट्टीचा डबा उघडला आणि विचारलं, "भिया, ये छेद भर दूँ?"

मी तोंड उघडायच्या आत खुर्चीतून आवाज आला, खणखणीत, चार घरं ऐकतील असा.

"रहने दो भिया. उसमें कोई रहता है."