थर्मोकोलचा कौल

देवाला फसवायचा प्रयत्न मी आयुष्यात एकदाच केला, आणि तोही इतका गबाळा की त्याला रागाऐवजी हसूच आलं असणार. हे लिहून काढायचं माझ्या मनात नव्हतं. पण आमची ही म्हणाली, "लिहा. मी पंचेचाळीस वर्षं काय सहन करतेय ते लोकांना कळू दे." तेव्हा हा अनुभव तिच्या हुकुमावरून सांगतो आहे.

दोन वर्षांपूर्वीची गोष्ट. श्रावणात माझ्या हृदयाच्या तीन रक्तवाहिन्या तुंबल्याचं निघालं आणि बायपासची तारीख मिळाली. गणपती बसल्यावर सातव्या दिवशी, मंगळवारी सकाळी. मी इथे कॅनडातल्या विंडसरच्या एका मोटारींच्या सुट्या भागांच्या कारखान्यात तीस-बत्तीस वर्षं इंधनाचे पंप तपासले. नळी तुंबली की बदलायची, त्यात काय एवढं, असं मी कितीतरी लोकांना ऐकवलं असेल. स्वतःच्या नळ्यांची पाळी आली तेव्हा मात्र माझी वाचाच बसली. सर्जन चांगला होता. धोका फार थोडा आहे, असं त्यानं मला नीट समजावलं. मला त्यातलं फक्त 'धोका' ऐकू आलं. एडमंटनहून मुलाचा फोन आला, "बाबा, रिलॅक्स, इट्स रूटीन." ज्याची छाती उघडायची नसते त्याला सगळंच रूटीन असतं.

रात्री झोप लागेना, देवापुढे बसलं तर मंत्र आठवेनात. आयुष्यभर नेमानं पूजा केली, पण तो तिथे खरोखर आहे का, हा प्रश्न मला पहिल्यांदाच पडला. आमचं मूळ गाव सिंधुदुर्गातलं. तिथे कुठलंही मोठं काम करायचं म्हटलं की देवाला कौल लावतात. गुरव पाषाणाला ओल्या पाकळ्या चिकटवतो. उजवीकडची पडली तर होकार, डावीकडची पडली तर नकार. विंडसरमध्ये ना गुरव, ना पाषाण. म्हणून मी आपला कौल आपणच बेतला. यंदा बाप्पांचं विसर्जन वाहत्या नदीत करायचं. बाप्पा बुडाले तर ऑपरेशन करून घ्यायचं. तरंगले तर सोमवारी फोन करून कॅन्सल. हे मी कुणाला सांगितलं नाही, हिलाही नाही.

आता मूर्तीबद्दल. दरवर्षी आम्ही टोरोंटोहून शाडूची मूर्ती आणतो आणि पाचव्या दिवशी मागच्या अंगणात टबात विसर्जन करून ती माती टोमॅटोच्या वाफ्यात घालतो. त्या वर्षी मी जाहीर केलं की मला वजन उचलायला मनाई आहे, तेव्हा मूर्ती मीच करणार, हलकी. बेसमेंटमध्ये बसून नव्या टीव्हीच्या खोक्यातले थर्मोकोलचे तुकडे कापले, त्यांवर कागदाचा लगदा चढवला, रंग दिला. सोंड जरा नळीसारखी झाली, पण एकूण डिझाइनवर मी बेहद्द खूश होतो. हिनं विचारलं, "हे विरघळणार कसं?" म्हटलं, "म्हणूनच यंदा नदी." ती म्हणाली, "छातीत तीन ठिकाणी अडलंय आणि निघाले नदीवर!" पण ऑपरेशनच्या तोंडावर माणसाचं मन मोडू नये म्हणून गप्प बसली.

रविवारी सकाळी घरी आरती केली, दहीपोह्यांची शिदोरी बांधली आणि शहराच्या पश्चिमेला, जुन्या वस्तीजवळच्या नदीकाठी गेलो. पलीकडे अमेरिकेतल्या डेट्रॉइटच्या इमारती अगदी हात लांबवला तर लागतील अशा दिसतात. ती जागा माझ्या रोजच्या माहितीची. नोकरीत असताना मी जेवणाच्या सुट्टीत तिथे गाडी लावून डबा खायचो. काठावर एक पितळी पाटी आहे, मोठ्या दगडात बसवलेली. ऊन आलं की त्या दगडाला पाठ टेकायला बरं वाटायचं. इतक्या वर्षांत पाटीवर काय लिहिलंय ते मी वाचलं नव्हतं, कारण पाठीला डोळे नसतात.

हिचे गुडघे दुखतात, त्यामुळे ती गाडीतच थांबली. उतारावरून मी एकटाच मूर्ती घेऊन निघालो. नदीत मूर्ती सोडायची नसते हे मला ठाऊक होतं, म्हणून इकडेतिकडे पाहिलं. जरा अंतरावर एक वृद्ध कृष्णवर्णीय बाई घडीच्या खुर्चीवर गळ टाकून बसल्या होत्या. पायांत गुडघ्यापर्यंतचे रबरी बूट, डोक्यावर जांभळी टोपी. त्यांचं लक्ष माशांकडे आहे असं समजून मी पाण्यात शिरलो, मोरया म्हटलं आणि मूर्ती बुडवली. ती टुणकन वर आली. पुन्हा बुडवली, पुन्हा वर. तिसऱ्यांदा दोन्ही हातांनी दाबून धरली आणि सोडली, तर बाप्पा असे उसळले की माझ्या चष्म्यावर पाणी उडालं. मग प्रवाहाला लागून ऐटीत निघाले, पाहता पाहता अमेरिकेच्या दिशेनं, पासपोर्ट नाही, व्हिसा नाही.

खरं सांगतो, मला भयंकर आनंद झाला. नकार! कौल मिळाला! उद्या फोन करायचा आणि मोकळं व्हायचं. तेवढ्यात मागून गाडीचा हॉर्न वाजायला लागला. हिला काचेतून सगळं दिसत होतं, आणि 'देवाला आणा परत' हे ती हॉर्नवरच बोलत होती. मी दोन पावलं पुढे टाकली, शेवाळलेल्या दगडावरून पाय सटकला आणि मी सपशेल पाण्यात गेलो. नाकातोंडात पाणी, वर-खाली कळेना. मी रामरक्षा सुरू केली, तीही मधूनच. इतक्यात जॅकेटच्या कॉलरला कुणीतरी धरलं आणि खडसावलं, "उभे राहा! अहो, कमरेएवढंच पाणी आहे!"

उभा राहिलो. खरंच कमरेएवढंच होतं.

त्या बाईंचं नाव लोरेन. वय ऐंशीच्या घरात, आयुष्यभर शाळेची बस चालवलेली, त्यामुळे आवाज शेवटच्या बाकापर्यंत जाणारा. त्या अर्थातच इंग्रजीत बोलल्या, पण माझ्या आठवणीत त्या मराठीतच बोलतात, त्याला माझा इलाज नाही. मला काठावर बसवून त्यांनी गळ उचलला, झोकात फेकला, आणि तिसऱ्या खेपेला तो बाप्पांच्या जानव्यात अडकला. मासा ओढावा तसे त्यांनी बाप्पांना हळूहळू ओढून आणलं. तोवर ही गुडघे विसरून उतार उतरली होती. तिनं चौरंगावरचं लाल वस्त्र माझ्या खांद्यांवर टाकलं आणि म्हणाली, "शोभा झाली तेवढी पुरे."

लोरेनबाईंनी मूर्ती हातात तोलली. खालचा लगदा सुटून आतला पांढरा थर्मोकोल उघडा पडला होता. "हा असला कचरा माझ्या नदीत टाकता?" त्यांनी विचारलं. मी थंडीनं कुडकुडत होतो, आणि कुडकुडणाऱ्या माणसाला खोटं बोलता येत नाही. कौलाचं सगळं सांगून टाकलं. गाव, पाकळ्या, मंगळवार, बुडणं, तरंगणं. लोरेनबाई ऐकता ऐकता सुटलेला लगदा बोटानं टोकरत होत्या. मग म्हणाल्या, "आणि आत थर्मोकोल कुणी भरला?"

"मी."

"तुम्ही काम काय करायचात?"

"इंजिनियर होतो," मी म्हणालो, जितक्या हळू म्हणता येईल तितक्या हळू.

"म्हणजे उत्तर आधी आत भरलंत आणि मग देवाला प्रश्न विचारलात."

त्या हसल्या, मीही हसलो. ही मात्र हसली नाही. तिच्या डोळ्यांत पाणी होतं. "मला न विचारता ठरवणार होतात?" एवढंच म्हणाली. नदीपेक्षा ते पाणी मला खोल वाटलं.

लोरेनबाईंनी थर्मासमधला चहा ओतला, हिनं शिदोरी उघडली. दहीपोहे खाता खाता त्यांनी त्या पितळी पाटीकडे हनुवटीनं खूण केली. "वाचलीय?" मी नाही म्हणालो. त्या म्हणाल्या, "हरकत नाही, मी सांगते. अमेरिकेतल्या गुलामीतून पळालेली माणसं नदी ओलांडून इथे आली की सुटायची. माझी खापरपणजीही इथेच उतरली."

त्यांची खापरपणजी केंटकीतल्या एका शेतमालकाच्या मालकीची होती. मालकीची म्हणजे बैल, नांगर यांच्या यादीत तिचं नाव. तिचा थोरला मुलगा सात वर्षांचा असताना विकला गेला. मग तान्ह्या मुलीलाही विकायचं ठरलंय असं तिच्या कानावर आलं, आणि ती त्या मुलीला पाठीशी बांधून निघाली. कित्येक आठवडे पायी. कुणा अनोळखी माणसानं गोठ्यात लपवलं, कुणी चर्चच्या तळघरात. पलीकडच्या काठावर पोचली तर गावात पळालेल्यांना धरणारे लोक फिरत होते. एका कोळ्यानं तिला गळकी होडी दाखवली, पण पहाटे नदीवर असं धुकं आलं की हा काठ दिसेना. कोळी म्हणाला, थांब, धुकं विरू दे. ती म्हणाली, मला दिसत नाही म्हणजे त्यांनाही दिसत नाही. आणि जन्मात कधी वल्हं हातात न धरलेल्या त्या बाईनं होडी पाण्यात ढकलली.

"तिला काही शकुन झाला होता का?" मी विचारलं. माझी खोड अजून गेली नव्हती.

"शकुन?" लोरेनबाई म्हणाल्या. "धुकं, गळकी होडी, रडणारं पोर. शकुन बघत बसली असती तर आज तुमची कॉलर कोण धरणार होतं?"

ही म्हणाली, "आणि तो मुलगा?"

"नाही सापडला. मरेपर्यंत ती पत्रं लिहून घ्यायची, वर्तमानपत्रांत छापून आणायची. नाहीच सापडला." त्यांनी थर्मासचं झाकण लावलं. "आणि इथे सगळं गोडच होतं असं समजू नका. मालक नव्हता, हे खरं. पण आमच्या पोरांची शाळा वेगळी. मी लहान असताना हॉटेलात आम्हाला बसू देत नसत. तरी दर पिढीत बाळ जन्मलं की आम्ही त्याला इथे आणतो, त्याचे पाय या पाण्याला लावतो आणि घरातलं कुणीतरी जुनं माणूस त्याला उचलून चढ चढून वर नेतं. नेहमी वर. या काठावरून खाली आम्ही कुणाला सोडत नाही. तुम्हीच पहिले, देवाला घेऊन खाली आलात."

मग प्रश्न आला बाप्पांचा. ही म्हणाली, उत्तरपूजा झाली, मोरया म्हटलं, आता घरात परत कसं न्यायचं? आणि नदीत तर सोडता येत नाही. आम्ही नवरा-बायको शास्त्रार्थ करत असताना लोरेनबाईंनी मूर्ती आपल्या पिशवीत घातली. "हे माझ्याकडे राहतील. आमच्याकडे या पाण्यातून वर आलेल्याला परत पाठवत नाहीत." आणि माझं नाव नि हिचा फोन नंबर एका कागदावर लिहून घेतला. अकरा वाजता त्यांचं चर्च होतं, प्रार्थनेच्या यादीत घालते म्हणाल्या. माझ्या आडनावाचं स्पेलिंग पाहून त्या म्हणाल्या, "देवाला कळेल, पाद्र्याचं काही सांगता येत नाही."

मंगळवारी सकाळी मला आत नेलं तेव्हा भीती होती तशीच होती. ती गेली असं लिहिलं तर ही खाडाखोड करील. छत पांढरं, दिवे पांढरे, सगळं धुक्यासारखं. पलीकडचा काठ काही दिसेना. मला पाठीशी पोर बांधलेली ती बाई आठवली. तिच्या संकटापुढे माझं केवढंसं, याची लाज वाटली, आणि लाजेबरोबर थोडा धीरही आला. मी देवाला म्हटलं, या खेपेला आत काही भरलेलं नाही, रिकामाच आलोय, तू बघ. आणि ढकलली होडी. पुढचं मला आठवत नाही. जाग आली तेव्हा ही पलंगाशी बसून कुणाला तरी फोनवर सांगत होती, "हो, शुद्धीवर आलेत. हो, लगेच बोलायलाही लागलेत." पलीकडून बसवाल्या आवाजात हसू ऐकू आलं.

लोरेनबाईंच्या घरी आता खिडकीशी त्यांच्या वाडवडिलांचे फोटो आहेत आणि मधोमध आमचे नळीच्या सोंडेचे बाप्पा. चर्चमधल्या मैत्रिणींना त्या सांगतात, हा मी धरलेला सर्वांत मोठा मासा. नदीकाठच्या पितळी पाटीला मी पाठ टेकणं सोडलं आहे. पहिल्यांदा वाचली तेव्हा चष्मा तीनदा पुसावा लागला.

गेल्या उन्हाळ्यात त्यांना पणतू झाला. सगळं कुटुंब काठावर जमलं, आम्हालाही बोलावणं होतं. बाळाचे पाय पाण्याला लावले. लोरेनबाईंनी त्याला उचललं, चढाकडे पाहिलं, आपल्या गुडघ्यांकडे पाहिलं, आणि सरळ माझ्या हातात दिलं. मी म्हटलं, "अहो, घरातलं जुनं माणूस हवं ना?" त्या म्हणाल्या, "तुम्हालाही मीच याच पाण्यातून वर काढलंय. चला, उशीर नको."

ते पोर थर्मोकोलपेक्षा जड होतं, आणि कोमट, आणि सारखी हालचाल करणारं. मी एकेक पाऊल दाबून टाकत होतो. छातीवरचा व्रण त्याच्या डोक्याखाली होता. देव आहे का, हा प्रश्न मला त्या चढावर पडला नाही. हात भरलेले होते. अर्ध्या वाटेवर दगड ओले होते, तिथे मी क्षणभर थांबलो, आणि लगेच वरून गाडीचा हॉर्न वाजला.

आमची ही. चला म्हणत होती. मी चढलो.