काढलेल्या बायका

शिरूरच्या एका स्टुडिओसाठी सुवर्णा लग्नांचं शूटिंग करते, एडिटिंगही तीच करते. अकरा वर्षं झाली. हळदीच्या दिवशी गिऱ्हाईक हमखास बजावतं, विधवा बाई मध्ये आली तर तेवढं काढा. अशा शेकडो बायका सुवर्णाने काढल्या. पुसल्या मात्र नाहीत, हार्ड डिस्कवर एका फोल्डरमध्ये टाकून ठेवल्या. कशाला, ते तिलाही सांगता आलं नसतं.

त्यात तिची थोरली बहीणही होती. धुरपदाआक्का, खुटबावला दिलेली, नवरा जाऊन सहा वर्षं झालेली. दोन वर्षांपूर्वी माहेरी, मांडवगणला भाचीची, अपेक्षाची हळद होती. आक्का हळदीची वाटी घेऊन पुढे झाली, तोच मागून कुणी तरी म्हणालं, "जरा बाजूला सर." डीजेच्या दणक्यात आवाज ओळखू आला नाही. आक्काने तो भावजयीचा, अनिताचा धरला आणि माहेरी जाणंच सोडलं.

यंदा सुवर्णाने फोल्डरमधले तुकडे जोडून सतरा मिनिटांचा व्हिडिओ केला. नवरी नाही, गाणं नाही. नुसत्या मागे सरकणाऱ्या बायका, एकीमागून एक. स्टुडिओच्या मालकाने पाहिला. "मॅडम, ह्यात लग्न कुठंय?" त्याने विचारलं.

शेवटचा तुकडा आक्काचा. त्यात तो आवाज स्वच्छ येत होता, कारण कॅमेऱ्यामागून सुवर्णाच तसं बोलली होती. आवाज बंद करायला एक बटण पुरलं असतं. तीन दिवस तिने ते दाबलं नाही आणि आक्का आपल्याला तुटेल ही भीतीही गेली नाही. अखेर आवाज तसाच ठेवून, पेनड्राइव्ह घेऊन ती खुटबावला गेली.

आक्काने टीव्हीवर सगळं पाहिलं. शेवटचा तुकडा पुन्हा लावायला सांगितला.

"तू व्हतीस व्हय," ती म्हणाली.

"सवय गं आक्का. शूटिंगला रोजच म्हणते, तोंडातून निघून गेलं."

"आन् मी दोन वर्सं अनितावर राग धरला."

तिने तिथूनच अनिताला फोन लावला. चुकले म्हणाली, पोरीची खुशाली विचारली, दिवाळीला येते असंही सांगितलं. सुवर्णा आपल्या वाट्याचं ऐकायला थांबून होती.

"ते पेनड्राइव्ह हितंच राहू दे," फोन ठेवून आक्का म्हणाली. "गल्लीतल्या बायास्नी दावते. तू मातर आता जा. मला तुझ्याशी बोलावंसं वाटलं की कळवीन."

सुवर्णाने चपला घातल्या. आत टीव्हीवर आक्काने तो तुकडा परत लावला होता.