त्याच मापाचा शिव

“त्याच मापाचा शिव व.” दुकानाची पायरी चढायच्या आधीच तिचं हे वाक्य आत यायचं. मग पिशवीतून विटका ब्लाउज निघायचा आणि माझं डोकं तापायचं.

नवेगाव बांधला माझं शिलाईचं दुकान आहे. तुम्हालाही ठाऊक आहे, आपण बायका टेलरबाईला अंगाचं माप घेऊ देत नाही, जुना ब्लाउज मापाला ठेवतो. हिचा होता लग्नानंतरच्या वर्षातला. पुढे दोन लेकरं झाली, अंग भरलं, छाती तर मुळातच भारी. पण बाई त्याच मापात! मी नवा शिवायची, तो काचायचा, आणि पुढच्या खेपेला तोच मापाला हजर.

“अवं, हूक तुटून राहिले तुझे.”

“पिन हाये न.”

“दाबून ठेवल्यानं छाती लहान होते का?”

“दिसत तं नाही न!”

दिसत नाही म्हणे! काखेतून बाहेर, पाठीवर वळ्या, वरून मे महिन्यात अंगभर पदर. ब्राची तऱ्हा तर विचारूच नका. बाजारात दुकानदाराने नंबर विचारायच्या आत “द्या कोनतीबी” म्हणायची आणि कागदाची पुडी पिशवीत कोंबून पळायची. पट्ट्या रुतून खांद्यांवर वळ पडले होते. तेच खांदे घेऊन दिवसभर वाकून धानाची रोवणी करायची. सांगून सांगून माझं तोंड दुखलं.

आणि आवाज कसा, तर विहारात वंदनेनंतर ती गायला लागली की लेकरंसुद्धा गप्प बसायची. पण गायची मागच्या भिंतीला टेकून, आणि वरचा सूर आला की दम अर्ध्यात तुटायचा. तुटणार नाही तर काय! छातीला आवळून बांधल्यावर श्वास जाईल कुठे?

एका बुद्धपौर्णिमेच्या काही दिवस आधी महिला मंडळाने तिला कार्यक्रमात माईकवर गायला सांगितलं. गाणं तिचंच, रोवणी करता करता जुळवलेलं. हिने नाही म्हटलं. मग तेच गाणं म्हणायला अध्यक्षबाईंनी कोहमारा गावची एक गाणारी ठरवली.

दुसऱ्या दिवशी ही पौर्णिमेच्या ब्लाउजसाठी पांढरं कापड घेऊन आली आणि मशीनजवळ मटकन बसली.

“माहं गाणं ते बाई म्हनन व. माह्यासमोर.”

“तं तू म्हन न! तुले कोनी धरलं?”

“पांढऱ्या लुगड्यात समोर उभी राहू? सप्पा अंग दिसते.”

“आग लागो तुझ्या लाजेले!” मी ओरडले. शटर अर्धं ओढलं आणि टेप घेतली. “हात वर कर. श्वास घे. पोटभर घे! आता धरून ठेव.” भरल्या श्वासावर माप घेतलं. ती डोळे मिटून उभी होती, इंजेक्शनला उभं राहावं तशी.

“कटोरीचा ब्लाउज शिवतो, छातीले जागा भेटते,” मी म्हटलं. “जाड अस्तर लावतो, गळा तू म्हनशीन तेवढाच.”

“कटोरी? लोकं म्हनतीन, बुढी हिरोइन झाली.”

“म्हनू दे. हिरोइनले श्वास तं घेता येते.”

ब्रा घ्यायला तिला सडक अर्जुनीला ओढत नेलं. नंबर मी मोठ्याने सांगितला. बाई टांगलेल्या गाउनमागे लपली होती.

आता ती लेकाकडे रायपूरला असते. मला आठवते ती त्या पौर्णिमेची. पांढऱ्या लुगड्यात माईकसमोर उभी. पहिलं कडवं नुसतं पुटपुटली. मी मनात शंभर शिव्या दिल्या. मग वरचा सूर आला. तिने श्वास घेतला, खांदे मागे गेले, आणि सूर तुटला नाही. थेट विहारासमोरच्या पिंपळापर्यंत गेला.

“काऊन रडून राहिली व?” शेजारणीने मला विचारलं.

“गप बस, ऐकू दे!” मी तिच्यावर खेकसले.

गाणं संपलं. कोहमाऱ्याची गाणारी पुढच्या गाण्यासाठी उठली, अध्यक्षबाईंनी माईकसाठी हात पुढे केला. हिने माईक सोडलाच नाही.

“थांबा न बाई,” ती म्हणाली, “अजून एक हाये माहं.”